नांदतं घर विकणे आहे

बार्शीत उज्ज्वला सुरवसे म्हटलं, की जुनी माणसं अजूनही "ती होय, नांदली नाही ती" असंच म्हणत. लग्न होऊन आठ महिन्यांत ती माहेरी परत आली, त्याला आता तीस वर्षं झाली होती. एवढ्या काळात एसटी स्टँड गावाबाहेर गेला, दुधाच्या पिशव्या उडत्या यंत्रानं गच्चीवर यायला लागल्या, ती जिथं नोकरी करायची ते वाचनालय बंद पडून तिथं बॅटऱ्या बदलायचं दुकान आलं. उज्ज्वलाची ओळख तेवढी होती तिथंच राहिली. आणि थट्टा अशी, की हीच बाई गेली दहा वर्षं पोटासाठी नांदती घरं तयार करून विकत होती.

ही घरं विटांची नव्हती. 'वसाहत' नावाचा एक खेळ होता. डोळ्यांवर चष्मा, हातांत मोजे आणि कपाळाला एक पट्टी लावून त्यात शिरायचं. आत गल्ल्या, नदी, बाजार, शेजारपाजार, सगळं होतं. काही कोटी माणसं रोज संध्याकाळी आपापल्या खोल्यांतून तिथं राहायला जात. तिथल्या घरांची खरेदी-विक्री खऱ्या पैशांत चाले आणि उज्ज्वला त्या बाजारातली परवानाधारक कारागीर होती. तो परवाना तिनं फ्रेम करून गच्चीवरच्या आपल्या खोलीत लावला होता. वहिनीखेरीज तो कोणी पाहिला नव्हता, आणि वहिनीनंही वाचला नव्हता.

खेळातल्या वस्तू खऱ्या पैशाला विकणं ही तशी जुनी गोष्ट. पोरं तलवारी विकत, घोडे विकत, महिनोन्‌महिने खेळून मिळवलेली चिलखतं विकत. मग यंत्रं आली. एखादा प्रोग्राम न जेवता न झोपता खेळत राहायचा आणि आठवड्यात हजार तलवारी पाडायचा. सगळ्यांकडे सगळंच झाल्यावर कोण कशाला विकत घेईल? बाजार बसला. तेव्हा शहाण्या लोकांनी डोकं लावलं, की यंत्राला काय जमत नाही ते शोधा आणि तेच विका. त्यांना सापडलं ते असं: यंत्राला दचकता येत नाही.

म्हणजे काय, तर आपला मेंदू सतत पुढचं गृहीत धरून चालत असतो. जिन्याला आणखी एक पायरी आहे असं समजून पाय टाकावा आणि पायरी नसावी, की पोटात धस्स होतं. जे होईलसं वाटलं आणि जे झालं त्यांतल्या फरकाची एक बारीक लहर त्या क्षणी मेंदूत उठते. कपाळावरची पट्टी ती लहर टिपते आणि घराला कळवते. साखरेचा डबा घ्यायला हात डावीकडे गेला आणि डबा उजवीकडे निघाला, तर घर ते लक्षात ठेवतं. दुसऱ्या दिवशी डबा वीतभर सरकलेला असतो. खिडकीतून ऊन कधी हवं, पाण्याचा हंडा कुठं हवा, कोणती फळी पायाखाली कुरकुरली तर बरं वाटतं, हे सगळं घर माणसाच्या दचकण्यावरून शिकतं. दचकणं जसजसं कमी होतं तसतसा घराचा 'नांदांक' वाढतो. नव्या घराचा शून्य. ऐंशीच्या वर गेलं की घर विकायला काढायचं. मग विकत घेणाऱ्याला पहिल्याच दिवशी पायताण काढताना असं वाटतं, की इथं आपण वर्षानुवर्षं राहत आलोय.

यात एक मेख होती. माणूस घरात असताना घराला फारसं शिकावं लागत नाही. तो समोरच असतो. माणूस बाहेर गेला, की मात्र तो कधी येईल, दमून येईल का, चहा लागेल का, याचा अंदाज बांधावा लागतो. म्हणून कारागिरानं रोज बाहेर जायचं आणि रोज परत यायचं असा नियमच होता. घराला वाट बघायला शिकवणं हीच खरी कारागिरी.

बाकीचे कारागीर घाई करत. उज्ज्वला करत नसे. ती पाच वाजता खेळातल्या बाजारात जायची, भाजीवाल्याशी घासाघीस करायची, नदीवर दोन मिनिटं थांबायची आणि सहा वाजून दहा मिनिटांनी दारात यायची. तीन-तीन महिन्यांत एकेक घर, अशी एकतीस घरं तिनं नांदवून दिली. एकही परत आलं नाही. कंपनीत तिच्या हाताला नाव होतं.

बत्तिसावं घर नदीकाठचं होतं. दोन खोल्या, पुढं ओटा, मागं न्हाणीघर, दारात शेवग्याचं झाड. त्यात ती दोन वर्षं आणि सात महिने राहिली.

कंपनीनं विचारलं, की ती सांगायची, अजून काम बाकी आहे. नांदांक सत्त्याण्णववर जाऊन बसला होता, तरी तिचं काम बाकीच होतं. खरी गोष्ट ती स्वतःलाही सांगत नसे. सहा दहाला ती शेवग्याखालून वळली, की दारावरचा दिवा लागायचा. चुलीवर आधण चढायचं. दार आपण होऊन चार बोटं उघडायचं. सासरी असताना एकदा माहेराहून यायला तिला उशीर झाला होता. आतून कडी घालून सगळं घर झोपलेलं, आणि तिच्यासाठी भाकरीसुद्धा झाकून ठेवलेली नव्हती. मारहाण नाही, हुंडा नाही, काही नाही. एवढंच. एवढ्यावरून कोणी नवरा सोडतं का, असं गावानं विचारलं आणि तिला उत्तर देता आलं नाही.

माहेरी प्रभाकरदादानं तिला गच्चीवरची खोली दिली आणि कधी एका शब्दानं दुखवलं नाही. चार वर्षांपूर्वी दादा गेला. भाचा हैदराबादला. आता खाली सुमनवहिनी आणि वर उज्ज्वला, एवढ्या दोघीच होत्या. सुरुवातीला वहिनी जिन्यातून हाक मारायची. उज्ज्वलाच्या कानावर यंत्र, तिला ऐकू जायचं नाही. मग वहिनी ताट झाकून जिन्यात ठेवायला लागली. उज्ज्वला वेळ मिळेल तेव्हा जेवायची आणि घासलेलं ताट परत तिथंच ठेवायची. दोघींचं भांडण असं कधी झालं नाही.

कारागिराला कोणतंही घर तीन वर्षांपेक्षा जास्त ठेवता येत नसे आणि विकत घ्यायचं म्हटलं तर त्याची किंमत तिच्या आवाक्याबाहेरची. शेवटी गिऱ्हाईक आलं आणि निरोपाचा दिवस ठरला.

घराचा निरोप घ्यायची एक ठरलेली रीत होती. घराजवळ दोन गोष्टी साठलेल्या असतात: एक सवयींचा साचा आणि दुसरं, त्या सवयी ज्याच्या त्या माणसाचं नाव. साचा ठेवायचा, नाव पुसायचं. ते कारागिरानं स्वतःच्या हातानं आणि मनापासून पुसावं लागे, नाहीतर पट्टी ते मान्य करत नसे. खेळ रचणाऱ्या कोणा हौशी माणसानं त्यासाठी झाडू दिला होता. मागच्या खोलीपासून केर काढत यायचं, उंबऱ्याबाहेर पाय टाकायचा आणि बाहेर उभं राहून शेवटचा हात मारायचा. ज्यानं हे सुचवलं त्याच्या घरी कोणी थोरलं माणूस नसावं. बाहेर पडणाऱ्या माणसाच्या पाठीमागं केर काढत नाहीत. मयत उचलल्यावर काढतात.

उज्ज्वलानं पहिल्या घरापासून यावर तोड काढली होती. सगळं घर ती लख्ख झाडायची, पण उंबऱ्याच्या डाव्या कोपऱ्यात चिमूटभर केर राहू द्यायची. तेवढ्यानं पाठीमागचा केर काढल्यासारखं होत नाही, अशी तिची समजूत. पट्टी मान्य करायची, कंपनी मान्य करायची, काम भागायचं. बत्तिसाव्या घरीही तिनं तेच केलं. मग पट्टी काढून ठेवली, तोंड धुतलं आणि दोन दिवस कोणाशी बोलली नाही. तशी ती एरवीही बोलत नसेच, त्यामुळे कोणाच्या लक्षात आलं नाही.

तीन आठवड्यांनी कंपनीच्या पुण्याच्या कचेरीतून इंद्रनीलचा फोन आला. कारागिरांचं काम बघणारा हा मुलगा बोलायला गोड होता.

"मॅडम, बत्तीस नंबरचा प्रॉब्लेम झालाय. तुम्ही उंबऱ्यात काही ठेवलं होतं का?"

"काही नाही. थोडा केर असंल."

"किती?"

"चिमूटभर. मी दर वेळी ठेवते."

"मॅडम, येण्याजाण्याची सगळी नोंद घर उंबऱ्यातच साठवतं. तीन महिन्यांच्या घरात चिमटीत मावेल एवढं काही नसतंच, आपोआप विरून जातं. इथं तुम्ही अडीच वर्षं रोज आत-बाहेर केलंय. त्या चिमटीत तुमचं अख्खं नाव राहिलं."

"म्हणजे काय झालं?"

"घर मालकाला ओळखत नाही. ते अजून तुमची वाट बघतंय."

उज्ज्वलानं फोन दुसऱ्या कानाला लावला. "रोज?"

"रोज. सहा दहाला. एकवीस दिवस झाले. दिवा लावतं, आधण ठेवतं, दार उघडतं. सात वाजता सगळं बंद करतं."

तिला आनंद झाला, इतका की तिची तिलाच लाज वाटली. चोपन्न वर्षांच्या आयुष्यात आपण नसताना आपल्यावाचून कुठं काही अडलंय, असं तिला पहिल्यांदाच कोणी सांगत होतं.

"मालक ओरडले का?" तिनं विचारलं.

"तेच नवल आहे. त्यांनी तक्रारच केली नाही. आमच्या तपासणीत सापडलं. मॅडम, शुक्रवारी सहा ते सात तुम्हाला एकदा आत सोडतो. नीट केर काढून या. नाही काढला तर घर मोडावं लागेल. विक्री रद्द, परवाना पण रद्द. मला हे बोलायला बरं वाटत नाही."

"आणि मोडलं तर त्या मालकांचं?"

"त्यांचे पैसे परत मिळतील. दुसरं बघतील."

शुक्रवारपर्यंतचे तीन दिवस तिनं मनाशी नुसता हिशेब मांडला आणि पुसला. परवान्याचं तिला फारसं काही वाटत नव्हतं. केर काढला तर घर तिला विसरणार होतं. नाही काढला तर घरच राहणार नव्हतं. पण मोडेल ते वाट बघता बघता मोडेल, हा विचार तिच्या मनात आला आणि तो तिला गोडही वाटला. एखाद्याला आपल्यासाठी झुरत मरू द्यावं, असलं काही आपल्या मनात येतं, याची तिला भीतीही वाटली.

शुक्रवारी बरोबर सहा दहाला ती शेवग्याखालून वळली. दिवा लागला. दार चार बोटं उघडलं. तिनं पाय आत टाकला आणि पायरीपासून फळीपर्यंत सगळं जिथल्या तिथं होतं. कपाळावरच्या पट्टीत एकही लहर उठली नाही.

खाटेवर एक म्हातारे गृहस्थ बसलेले होते. ते लगबगीनं उठले. खेळात लोक स्वतःला तरणंताठं करून घेतात. यांनी आपलं टक्कल आणि जाड भिंगांचा चष्मा तसाच ठेवला होता.

"या, या. तुम्हीच काय?" ते म्हणाले. "मी मनोहर बोकारे, नागपूरहून. चोवीस दिवस झाले, हे घर कोणाची वाट पाहून राहिलं, याचाच विचार करून राहिलो मी."

"मी उज्ज्वला. माझ्या हातनं चूक झाली. तुम्हाला त्रास झाला."

"त्रास कशाचा? बसा ना. चहा ठेवलाच आहे घरानं तुमचा."

वसाहतीतल्या चहाला चव नसते. बोकाऱ्यांनी तिकडे नागपूरला खराच कप भरून ठेवला होता. त्यांनी तो तोंडाला लावलेला तिला दिसला. तिनं नुसता कप हातात धरला.

"कंपनीला का नाही कळवलं?" तिनं विचारलं.

बोकाऱ्यांनी चष्मा पुसला. "मी मालगाडीवर गार्ड होतो. सदतीस वर्षं. सगळ्यात मागच्या डब्यात एकटा. गाडी कधी निघेल, कधी पोचेल, मलाच माहीत नसायचं, तर दुसऱ्याला काय सांगणार? लग्न राहूनच गेलं. कोणाची वाट पाहण्याची पाळी आली नाही आणि माझी कोणी पाहिली नाही. इथं आलो तर पहिल्याच दिवशी सहा वाजता घराची गडबड सुरू. दिवा काय, चहा काय. मी पण उठून सदरा बदलला. म्हटलं, कोणी येऊन राहिलं तर आपण असं बनियनवर कसं बसायचं?"

"आणि कोणीच आलं नाही."

"नाही आलं. पण घरात कोणाची तरी वाट आहे, हेच लई होतं मला. दुपारपासून बरं वाटायचं." त्यांनी कप खाली ठेवला. "तुम्ही केर काढूच नका. मी लिहून देतो कंपनीला, माझी काही हरकत नाही म्हणून."

"ते मोडणार आहेत घर."

"मोडू द्या ना. त्याला तुमची वाट पाहताना चोवीस दिवस पाहिलं मी. तुम्ही तर आज पाहिलं."

खरं सांगायचं तर उज्ज्वला हेच ऐकायला आली होती. आता फक्त मान हलवायची, कप खाली ठेवायचा आणि निघून जायचं. तिनं घरावरून नजर फिरवली. बोकाऱ्यांची काठी दाराशी आडवी पडली होती, कारण काठी ठेवायला घरानं जागा केलेली नव्हती. त्यांचा चष्म्याचा डबा जमिनीवर होता. तीन आठवडे हा माणूस स्वतः विकत घेतलेल्या घरात पाहुण्यासारखा खाटेच्या कडेवर बसून होता.

"तुम्ही बाहेर जाऊन आलात की हे दार उघडतं का?" तिनं विचारलं.

"नाही. ढकलावं लागते."

"दिवा?"

"तो तुमचा दिवा आहे, बाई. माझ्यासाठी कसा लागेल?"

तीस वर्षांपूर्वीची ती आतून घातलेली कडी तिला आठवली, आणि या घरात आता कडी घालणारी आपणच आहोत, हे तिला कळलं. ते कळल्यावर मान हलवणं तिला जमलं नाही. ती उठली आणि कोपऱ्यातला झाडू घेतला.

बोकारेही उठले. "नियमात लिहिलंय, मालकानं बाहेर थांबायचं म्हणून."

"बसा तुम्ही. माणूस बाहेर गेल्यावर मागनं केर काढत नाहीत."

"आमच्याकडेही नाही काढत," असं म्हणून ते मुकाट्यानं बसले.

ती मागच्या खोलीपासून झाडत आली. न्हाणीघराची पायरी, हंड्याखालची ओल, खिडकीखालचा तुकडा. झाडू फिरेल तिथं घर तिला विसरत होतं. साखरेचा डबा तिच्या डोळ्यांदेखत परका झाला. खाटेपाशी आल्यावर ती न थांबता म्हणाली, "पाय वर घ्या जरा."

बोकाऱ्यांनी दोन्ही पाय उचलून खाटेवर घेतले आणि गुडघ्यांना हातांची मिठी घालून बसले. तिनं खाटेखालून झाडू फिरवला. असं ती आजवर कोणाला म्हणाली नव्हती आणि त्यांनाही हे कोणी म्हटलेलं नसावं, कारण केर पुढं गेल्यावरही ते बराच वेळ पाय वरच धरून होते.

ती उंबऱ्याशी आली तेव्हा ते म्हणाले, "तुमचा नंबर देऊन ठेवता का? कधी फोन करीन. रोज नाही."

तिला द्यावासा वाटला. मोबाइलचे पहिले पाच आकडे तिच्या ओठांवर आलेही. पण घर वाट बघतं तेव्हा त्याला, उशीर का झाला, हे सांगावं लागत नाही. माणूस विचारतो. तीस वर्षांत कोणाला काही सांगायची तिची सवय मोडली होती आणि आता ती कुठून आणायची, हे तिला माहीत नव्हतं.

"नको," ती म्हणाली. "राग मानू नका."

"नाही, नाही. राग कशाचा? सावकाश जा."

तिनं उंबऱ्याबाहेर पाय टाकला. डाव्या कोपऱ्यातला तो चिमूटभर केर अजून तिथंच होता. तिनं बाहेर उभं राहून झाडूचा शेवटचा हात मारला. दारावरचा दिवा विझला. दार लागलं, आणि आत बोकाऱ्यांनी खाट सरकवल्याचा आवाज आला.

तिनं पट्टी काढली तेव्हा खालून कुकरची शिट्टी ऐकू येत होती. ती कितव्यांदा होत होती कोण जाणे. उज्ज्वला पलंगावर बसून रडली. मोठ्यानं रडली तरी खाली ऐकू जात नाही, हे तिला माहीत होतं.

घर विकून आलेल्या साडेअकरा लाखांतला तिचा वाटा बँकेत आला. कंपनीनं तेहेतिसावं घर दिलं: डोंगराच्या उतारावरचं, टुमदार, नांदांक शून्य. त्यात ती पावलागणिक ठेचकाळत होती. डबा नाही तिथं हात जायचा, पायरी नाही तिथं पाय पडायचा. पंधरा दिवसांत आकडा चारवर आला. इंद्रनील म्हणाला, मॅडम, तुम्ही पूर्वी याच्यापेक्षा फास्ट होता. ती म्हणाली, वय झालं.

एका संध्याकाळी ती बाजाराला निघायच्या बेतात असताना कंपनीकडून एक चिठ्ठी आली. ग्राहक आपले अभिप्राय लिहीत, ते कारागिराकडे पाठवायची पद्धत होती. उज्ज्वला ते क्वचितच वाचायची. हा तिनं उघडला.

"घर क्रमांक बत्तीस. घर चांगले आहे. आता माझी काठी दाराजवळ उभी राहते, खुंटी आपोआप आली. दिवाही माझ्यासाठी लागतो. एकच गोष्ट कळवायची आहे. ते वाट माझी पाहते, पण वेळ जुनीच आहे. सहा दहाला दार उघडते, आणि मी तर आतच बसलेला असतो. उघडे दार पाहून घराची फजिती झाल्यासारखी वाटते. म्हणून मी सहाला बाहेर जातो, झाडाखाली उभा राहतो आणि दहा मिनिटांनी परत येतो. नदीवर काही दिसत नाही, पण वेळ जातो. हे दुरुस्त करू नये. कारागिरांना नमस्कार सांगावा. म. रा. बोकारे, वय एकाहत्तर."

खाली कंपनीचा नेहमीचा प्रश्न होता: हा अभिप्राय उपयोगी वाटला का? होय किंवा नाही.

तिनं दोन्हीपैकी काही दाबलं नाही. चष्मा हातात तसाच धरून ती बसून राहिली. एकाहत्तर वर्षांचा एक माणूस, कोणाच्या तरी वाट बघण्याची लाज राखायला, रोज उठून बाहेर जाऊन उभा राहत होता. त्याला जायला कुठं नव्हतं, तरी तो जात होता आणि येत होता. तिनं भिंतीवरच्या घड्याळात पाहिलं. मग मोजे काढले, पट्टी काढली आणि ती खोलीबाहेर आली.

जिन्याच्या पायऱ्या तिला अंदाजानं उतराव्या लागल्या. मधली एक फरशी कधी बदलली ते तिला माहीत नव्हतं. स्वयंपाकघरात टीव्ही लहान आवाजात चालू होता. सुमनवहिनी खाली फतकल मारून मेथी निवडत होती. केस बरेच पांढरे झाले होते, आणि गुडघ्याला पट्टा होता. हे ऑपरेशन झालं, की व्हायचंय, तेही उज्ज्वलाला आठवेना. निवडलेली मेथी दोन माणसांपुरती होती आणि कट्ट्यावर एकच ताट काढून ठेवलं होतं, वर न्यायचं.

दारात सावली पडली तशी वहिनी दचकली. हातातली जुडी खाली पडली.

"काय गं, काय झालं?" ती घाबरून म्हणाली. "लाईट गेली का वरची?"

"नाही वहिनी. लाईट आहे."

वहिनी तिच्याकडे बघत राहिली. पुढं काहीतरी सांगणं येईल, म्हणून ती थांबली होती. उज्ज्वलाला सांगण्यासारखं काही नव्हतं. ती भिंतीला टेकून खाली बसली आणि मेथीची अर्धी जुडी तिनं आपल्या पुढ्यात ओढली. आणखी थोडा वेळ वाट बघून वहिनीनंही मान खाली घातली, टीव्हीचा आवाज कमी केला आणि विचारलं, "चहा घेतेस का? साखर किती लागती तुला, मला आता ठाऊक नाही."